फॅनीबाईंची गाणी : काम कुणाचं, नाव कुणाचं, मोल कुणाचं?

अभ्यास लेख. गटाच्या बैठकीत एकीने मोठ्याने वाचावा, बाकीच्यांनी ऐकावा. शेवटी चर्चेचे प्रश्न आहेत.

मैत्रिणींनो,

आपल्या आज्या-पणज्या जात्यावर दळताना ओव्या म्हणायच्या. त्यातल्या कितीतरी ओव्या त्यांनी स्वतःच रचलेल्या होत्या. पाटी नाही, पेन्सिल नाही, हातात फक्त जात्याचा खुंटा. ओवी मनात तयार व्हायची, गळ्यातून बाहेर यायची, शेजारणीच्या कानात जायची आणि मग गावभर व्हायची. ती मूळ कोणत्या बाईची, हे मात्र आज कुणालाच सांगता येत नाही.

या अंकात आपण अशाच मनात गाणी रचणाऱ्या एका बाईची गोष्ट वाचणार आहोत. बाई अमेरिकेतल्या, शंभर वर्षांहून आधीच्या, धर्माने ख्रिस्ती आणि डोळ्यांनी आंधळ्या. नाव फॅनी क्रॉस्बी. आपल्याकडे जसे अभंग आणि आरत्या, तशी चर्चमध्ये सगळ्यांनी मिळून म्हणायची भक्तिगीतं असतात. अशी आठ हजारांहून जास्त गीतं या एका बाईने रचली. आपल्या काही गटांत ख्रिस्ती मैत्रिणी आहेत. इंग्रजीतून आलेली भक्तिगीतं त्यांनी प्रार्थनेत म्हटलेली असतील. बाकीच्यांसाठी हे नाव नवीन असेल. पण हा लेख धर्माबद्दल कमी आणि बाईच्या कामाबद्दल जास्त आहे.

लहानपण

फॅनीचा जन्म २४ मार्च १८२० रोजी अमेरिकेच्या न्यूयॉर्क राज्यातल्या एका खेड्यात झाला. सहा आठवड्यांची असताना तिचे डोळे आले. नेहमीचा डॉक्टर जागेवर नव्हता, म्हणून स्वतःला डॉक्टर म्हणवणाऱ्या एका माणसाला बोलावलं. त्याने बाळाच्या डोळ्यांवर मोहरीचा गरम लेप लावला. त्यानेच दृष्टी गेली, असं घरच्यांनी कायम मानलं. दोष जन्मापासूनचाही असू शकतो, असं नंतरच्या काही डॉक्टरांचं मत आहे. कारण काहीही असो, आपण मात्र एक गोष्ट लक्षात ठेवू : बाळाचे डोळे आले तर डोळ्यांत काहीही घालायचं नाही, लेप लावायचा नाही, थेट दवाखाना गाठायचा.

फॅनी वर्षाचीही झाली नव्हती तेव्हा वडील वारले. आई मर्सी त्या वेळी फक्त एकवीस वर्षांची होती. पोट भरायला ती दुसऱ्यांच्या घरी कामाला जाऊ लागली आणि फॅनीला सांभाळलं आजीने. आजीने नातीला घरात बसवून ठेवलं नाही. झाडं, फुलं, पाखरं, आभाळ, सगळं तिला शब्दांनी दाखवलं. फूल हातात द्यायचं आणि ते कसं आहे ते सांगायचं, असं तिचं शिकवणं होतं. पुढे त्या जिथे राहत होत्या तिथल्या घरमालकीणबाईंनी तिच्याकडून बायबल पाठ करून घेतलं. आठवड्याला पाच पाच अध्याय ती पाठ करायची. आठव्या वर्षी तिने पहिली कविता रचली.

आपल्याकडे अजूनही काही घरांत म्हणतात, "आंधळ्या पोरीला शिकवून काय करायचं?" फॅनीच्या आईने आणि आजीने तसं म्हटलं नाही. १८३५ मध्ये, पंधरावं वर्ष लागायच्या सुमारास, तिला न्यूयॉर्क शहरातल्या अंधांच्या शाळेत घातलं. तिथे ती आधी विद्यार्थिनी होती, मग शिक्षिका झाली. १८४६ ते १८५८ अशी बारा वर्षं तिने मुलांना व्याकरण आणि इतिहास शिकवला.

बोलायला घाबरली नाही

अंध मुलांच्या शिक्षणासाठी सरकारने शाळा काढाव्यात, हे सांगायला शाळेतल्या मुलामुलींना अमेरिकेच्या राजधानीत, वॉशिंग्टनला नेलं होतं. जानेवारी १८४४ मध्ये तिथल्या संसदेच्या सभासदांसमोर फॅनीने आपली कविता म्हणून दाखवली. त्या काळात तिथल्या बायकांना मताचा अधिकारसुद्धा नव्हता. त्या सभागृहात चोवीस वर्षांची होऊ घातलेली एक आंधळी मुलगी उभी राहिली आणि आपल्यासारख्या दुसऱ्या मुलांसाठी शाळा मागितली.

१८४९ मध्ये न्यूयॉर्कमध्ये पटकीची साथ आली. शहर सोडून जाता येत होतं, पण फॅनी मागे थांबली आणि आजारी मुलांची सेवा केली. शाळेतली काही मुलं दगावली. त्या दिवसांचा तिच्या मनावर खोल परिणाम झाला आणि पुढच्याच वर्षी तिचं मन पूर्णपणे भक्तीकडे वळलं.

शाळेतला आणखी एक प्रसंग तिने आपल्या आठवणींत सांगितला आहे. शाळेच्या कार्यालयात एक सतरा वर्षांचा मुलगा कामाला लागला होता. फॅनी कविता सांगायची आणि तो उतरवून घ्यायचा. मुख्य अधिकाऱ्याला ते आवडलं नाही आणि त्याने तिला सुनावलं. तेव्हा तो मुलगा तिला म्हणाला की, असं किती दिवस ऐकून घेणार? उद्या पुन्हा कविता उतरवून घ्यायला या आणि ते बोलले तर तुम्हीही उत्तर द्या. दुसऱ्या दिवशी तसंच झालं. फॅनीने त्या अधिकाऱ्याला तोंडावर सांगितलं की, या शाळेत माझाही मान आहे, पुन्हा असं बोललात तर मी विश्वस्तांकडे जाईन. त्यानंतर त्रास बंद झाला. तो मुलगा म्हणजे ग्रोव्हर क्लीव्हलँड. पुढे तो अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष झाला.

हा प्रसंग लक्षात ठेवा. मानासाठी भांडायची हिंमत या बाईंमध्ये होती. आता कामाच्या पैशाचं काय झालं ते पाहू.

गाण्यामागे एक-दोन डॉलर

१८५० नंतर फॅनीबाई जॉर्ज रूट नावाच्या संगीतकारासाठी गाणी लिहू लागल्या. ही भक्तिगीतं नव्हती, लोकांनी घरी-दारी म्हणायची गाणी होती. शब्द फॅनीबाईंचे, चाल रूट यांची. त्यातलं एक गाणं फार गाजलं. छापील प्रती हातोहात खपल्या आणि रूट यांना त्यातून सुमारे तीन हजार डॉलर मिळाले, असं नोंदलेलं आहे. फॅनीबाईंना किती? त्यांना एका गाण्याचे एक किंवा दोन डॉलर मिळायचे. ते एकदा घेतले की हिशेब संपला. गाणं पुढे कितीही चाललं तरी त्यातलं काही त्यांच्याकडे येत नसे.

१८५८ मध्ये त्यांचं लग्न झालं. पती अलेक्झांडर व्हॅन ॲल्स्टाइन हेही अंध होते. ते संगीत शिकवायचे, ऑर्गन वाजवायचे. लिखाणावर माहेरचंच नाव ठेव, असा आग्रह त्यांनी स्वतः धरला. म्हणून जग त्यांना फॅनी क्रॉस्बी म्हणूनच ओळखतं. त्यांना एक मूल झालं, पण ते तान्हेपणीच गेलं. त्या दुःखाबद्दल फॅनीबाई फारसं कधी बोलल्या नाहीत.

भक्तिगीतांचं काम १८६४ मध्ये सुरू झालं. विल्यम ब्रॅडबरी या संगीतकार-प्रकाशकाने त्यांना बोलावलं. चार वर्षांनी ते वारले आणि काम बिगलो अँड मेन या कंपनीकडे गेलं. कंपनीला आठवड्याला तीन गीतं द्यायची असा करार होता. फॅनीबाई कधी कधी एका दिवसात सहा-सात गीतं रचायच्या. सगळं मनात. अनेक गीतं डोक्यात तयार ठेवायच्या आणि लिहिणारं कुणी आलं की एकेक सांगायच्या.

१८६८ मधली गोष्ट. विल्यम डोन नावाचे संगीतकार घाईघाईने त्यांच्याकडे आले. गाडीला चाळीस मिनिटं उरली होती. नवी चाल वाजवून दाखवली आणि शब्द हवेत म्हणाले. फॅनीबाई आत जाऊन बसल्या आणि अर्ध्या तासात पूर्ण गीत सांगितलं. मूल गमावलेल्या कितीतरी आयांना पुढे त्या गीताने धीर दिला. १८७३ मध्ये फीबी नॅप या त्यांच्या मैत्रिणीने स्वतः केलेली चाल वाजवली आणि त्यावर फॅनीबाईंनी शब्द बसवले. 'ब्लेसेड ॲश्युअरन्स' नावाचं ते गीत जगभर म्हटलं जातं. शब्दही बाईचे, चालही बाईची.

इथेही मोबदला तोच होता : गीतामागे एक-दोन डॉलर आणि हक्क प्रकाशकाचे.

दोनशे नावं

आता नावाची गोष्ट. गीतांचं एक पुस्तक निघायचं तर त्यातली निम्मी-अर्धी गीतं फॅनीबाईंचीच असायची. एकाच बाईची इतकी गीतं दिसायला नकोत, असं प्रकाशकांना वाटायचं. म्हणून त्यांची गीतं वेगवेगळ्या टोपणनावांनी छापली. अशी टोपणनावं जवळपास दोनशे होती. काही बायकांची, काही चक्क पुरुषांची, काही नुसती अक्षरं किंवा खुणा. पुस्तक हातात घेणाऱ्याला वाटायचं की हे पन्नास जणांचं काम आहे. प्रत्यक्षात ते एकाच बाईचं होतं.

ओवीवरचं नाव कुणी लिहिलंच नाही म्हणून हरवलं. फॅनीबाईंचं नाव लिहिणाऱ्यांनीच लपवलं.

दान आणि कमी मोल

मैत्रिणींनो, इथे घाई करून "बिचारी बाई फसली" असं म्हणू नका. फॅनीबाई स्वतःला बिचारी समजत नव्हत्या. त्यांना पैशाची हौस नव्हती. न्यूयॉर्कच्या गरीब वस्त्यांमध्ये त्या साध्या खोल्यांत राहिल्या. दारूच्या नादी लागलेल्या, बेघर झालेल्या माणसांसाठी चालणाऱ्या केंद्रांत जाऊन बसायच्या, त्यांच्याशी बोलायच्या. भाषणाला बोलावलं तर अनेकदा मानधन घ्यायच्या नाहीत आणि हातात आलेलं वाटून टाकायच्या. उतारवयात त्या कमी लिहीत होत्या तरी कंपनी त्यांना दर आठवड्याला ठरावीक रक्कम देत होती. त्यांच्या काही हितचिंतकांनी त्यांचं चरित्र विकून पैसे उभे करायचं ठरवलं, तेव्हा कंपनीला ते रुचलं नाही. आपण बाईला कमी दिलं असं लोकांना वाटेल, अशी त्यांना भीती होती. फॅनीबाईंनी मात्र कंपनीबद्दल तक्रार केली नाही.

तरीही एक फरक आपण नीट समजून घेऊ. आपल्या हातात आलेला पैसा आपण दुसऱ्याला दिला, तर ते दान. पैसा आपल्या हातात आलाच नाही, तर ते दान नव्हे. ते कमी मोल. फॅनीबाईंनी जे वाटलं ते त्यांचं मोठेपण. जे त्यांच्यापर्यंत पोचलंच नाही, ते कुणाला द्यायचं हे ठरवायची संधी त्यांना मिळालीच नाही. गाण्यांचा योग्य वाटा त्यांना मिळाला असता, तर त्यांच्या स्वभावाप्रमाणे तो त्याच गरीब वस्तीत गेला असता. बाई साधी राहते, बाईला हौस नाही, बाई तक्रार करत नाही, म्हणून तिला कमी दिलं तरी चालतं, हा हिशेब बरोबर नाही. आपल्या घरात आणि गावातही हाच हिशेब कितीदा मांडला जातो, ते तुम्ही माझ्यापेक्षा जास्त जाणता.

१९०० मध्ये त्या ब्रिजपोर्ट गावी बहिणीकडे राहायला गेल्या. १२ फेब्रुवारी १९१५ रोजी, चौऱ्याण्णव वर्षांच्या असताना वारल्या. थडग्यावर एक छोटासा दगड बसवला. त्यावर 'आंट फॅनी', म्हणजे फॅनीमावशी, असं लिहिलेलं होतं आणि बायबलमधली एक ओळ होती. चाळीस वर्षांनी, १९५५ मध्ये, तिथे पूर्ण ओळख सांगणारा मोठा दगड उभारला गेला.

एकरकमी की वाटा?

आता आपल्या कामाकडे वळू. समजा, आपल्या गटाचा काळा मसाला गावोगाव आवडतोय. एक व्यापारी येतो आणि म्हणतो, "ताई, तुमची कृती मला द्या, मी ५,००० रुपये देतो." दुसरा म्हणतो, "आत्ता काही देत नाही, पण विकलेल्या प्रत्येक किलोमागे ३ रुपये देईन."

पहिला मार्ग एकरकमी, फॅनीबाईंसारखा. दुसरा मार्ग वाट्याचा. समजा महिन्याला २०० किलो मसाला खपला. म्हणजे महिन्याला ६०० रुपये. आठ महिन्यांत ४,८०० होतात. नवव्या महिन्यात ५,००० ओलांडले. त्यानंतर मसाला खपेल तितके दिवस पैसे येत राहणार.

मग नेहमी दुसराच मार्ग चांगला का? नाही. माल खपला नाही तर हातात काहीच येणार नाही. किती किलो विकले ते व्यापाऱ्याने खरं सांगितलं नाही तर आपण बुडलो. म्हणून वाटा घ्यायचा असेल तर विक्रीचा हिशेब बघायचा हक्क कागदावर हवा. घरात आजारपण आहे, आजच पैसे हवेत, तेव्हा एकरकमी घेणंही शहाणपणाचं असू शकतं. तिसरा मार्गही असतो : थोडे पैसे आत्ता आणि थोडा वाटा नंतर. कोणता मार्ग घ्यायचा हे गटाने ठरवावं. पण दोन्ही मार्ग समोर मांडून, आकडेमोड करून ठरवावं. समोरच्याने एकच मार्ग दाखवला म्हणून तोच असतो असं नाही.

गाणी रचणाऱ्या मैत्रिणींसाठी

आपल्या गटांत गाणी रचणाऱ्या कितीतरी जणी आहेत. व्यसनमुक्तीची, बचतीची, मुलीच्या शिक्षणाची गाणी तुम्ही मेळाव्यात म्हणता. हल्ली कुणीही मोबाइलवर रेकॉर्ड करतं आणि टाकतं. यासाठी आपल्या देशात १९५७ चा कॉपीराइट कायदा आहे. त्यातल्या या गोष्टी माहीत असू द्या :

१. गाणं तुम्ही स्वतः रचलं असेल तर ते रचल्यापासून तुमचंच. नोंदणी केली नाही म्हणून हक्क जात नाही. पण वहीत तारीख घालून लिहून ठेवलं तर पुरावा राहतो. परंपरेने चालत आलेली ओवी मात्र कुणा एकीच्या मालकीची नसते.

२. हक्क दुसऱ्याला द्यायचा तर लेखी आणि सहीनिशीच द्यावा लागतो. तोंडी "घ्या वापरून" म्हटल्याने मालकी जात नाही.

३. किती वर्षांसाठी दिला हे कागदावर लिहिलं नसेल, तर तो पाच वर्षांसाठी दिला असं धरलं जातं.

४. हक्क विकला तरी "हे गाणं माझं आहे" असं म्हणायचा, म्हणजे नाव लावण्याचा हक्क रचणारीकडेच राहतो.

५. २०१२ मध्ये कायद्यात बदल झाला. चित्रपटासाठी गाणं लिहिणाऱ्या कवीला, ते गाणं चित्रपटगृहाबाहेर वापरलं गेलं तर त्याचा वाटा मिळायलाच हवा. तो हक्क सही घेऊनसुद्धा काढून घेता येत नाही.

असा कायदा फॅनीबाईंच्या वेळी त्यांच्या पाठीशी नव्हता. आपल्या पाठीशी आहे, पण कागद न वाचता अंगठा किंवा सही केली तर तोही कमी पडतो. कागद इंग्रजीत असेल तर मराठीत समजावून मागा. "नंतर सांगतो" म्हणाले तर सहीही नंतरच करा.

चर्चेसाठी प्रश्न

१. फॅनीबाई अधिकाऱ्याला मानासाठी बोलल्या, पण मोबदल्यासाठी बोलल्या नाहीत. आपलंही असं होतं का? पैशाचं बोलायला आपल्याला जड का जातं?

२. आपल्या गटाच्या मालावर कुणाचं नाव छापलं जातं? गटाचं, व्यापाऱ्याचं की कुणाचंच नाही?

३. आपण कोणतं काम आनंदाने दान म्हणून करतो आणि कोणतं काम नुसतं कमी पैशात करतो? दोन वेगळ्या याद्या करा.

४. आपल्या गावात दिव्यांग मुलगी शाळेबाहेर आहे का? तिच्या घरी कोण जाऊन बोलेल?

पुढच्या बैठकीपर्यंत करायचं काम

गटाच्या रजिस्टरमध्ये मागच्या बाजूला एक पान राखून ठेवा. त्यावर चार रकाने आखा : काम काय, कुणी केलं, काय ठरलं होतं, किती मिळालं. पापड, शेवया, गोधडी, शाळेचा आहार, मेळाव्याचं गाणं, जे काही केलं असेल ते लिहा. कामासमोर "गटाने" असं लिहून थांबू नका. ज्या ताईंचे हात लागले त्यांची नावं लिहा, पूर्ण, स्वतःच्या नावासकट.

शिवाय प्रत्येकीने घरातल्या किंवा शेजारच्या म्हाताऱ्या बाईकडून एक ओवी किंवा गाणं उतरवून आणा. ज्यांना लिहिता येत नाही त्यांनी मोबाइलवर आवाज भरून आणा. खाली सांगणारीचं नाव आणि गाव टाका. ते स्वतः रचलं आहे का, हेही विचारा. "हो" म्हणाल्या तर ते मोठ्या अक्षरात लिहा.